सुभद्राची काठी आणि बंद झालेली केस

सुभद्रा गेली त्याच्या अठराव्या दिवशी हायकोर्टाचा कागद घरी आला. सुभद्रा म्हणजे माझी बायको. सत्तेचाळीस वर्षं एका चुलीवरचं जेवलो. वकीलबाई सावंतवाडीहून स्कूटरवर तो कागद घेऊन स्वतः आल्या. मी खळ्यात सुपाऱ्या सोलत बसलो होतो. त्यांनी हेल्मेट काढलं, ओटीवरच्या फोटोला हात जोडले आणि म्हणाल्या, "काका, काकींच्या केसचा शेवटचा हुकूम आलाय." मी म्हटलं, "केस बंद झाली ना? मग आता हुकूम कसला?" त्या म्हणाल्या, "बंद केली हेसुद्धा लिहून द्यावं लागतं, काका." दोन पानं होती, इंग्रजीत. पहिल्या पानावर हिचं नाव, तिच्या नावामागे माझं, मग वय, धंदा शेती. त्या शिक्क्याच्या कागदात ती जिवंत होती... मी तो हातात धरून बसलो. वाचता येत नव्हतं तरी बसलो. मी सातवीपर्यंत शिकलेला, ती चौथीपर्यंत. दोघांच्या मिळून अकरा यत्ता. तेवढ्यावर ती हायकोर्टात उभी राहून आली, हे मी डोळ्यांनी बघितलं तरी मला अजून खरं वाटत नाही. म्हणून लिहायला बसलो आहे.

आमचा गाव खाडीच्या काठाला, आरोंद्याच्या अलीकडे. पूल होईपर्यंत मी खाडीवर तर चालवत होतो, म्हणजे माणसं होडीतून पलीकडे सोडत होतो. पूल झाला, माझं काम गेलं, मग मी बांधाच्या आतली भातशेती बघायला लागलो. ही शेती भरतीच्या पाण्यापेक्षा खोल आहे. मधे मातीचा बांध, आणि बांधाला एक उघाडी. उघाडी म्हणजे पाण्याचं दार. भरतीला खाडी बाहेरून रेटते तसं ते दार मिटतं, ओहोटीला आतलं पाणी रेटतं तसं ते उघडतं आणि शेतातलं पाणी बाहेर जातं. तिथे माणूस उभा राहावा लागत नाही. माझ्या बापाच्या वेळी दार लाकडी होतं आणि गाव ते सांभाळायचा. पुढे सरकारी खात्याने सिमेंटची उघाडी बांधली, लोखंडी दारं बसवली, आणि ती सांभाळायचं काम खात्याकडे गेलं. चार पावसाळ्यांमागे ती दारं गंजून तुटली. एक तर खाडीत वाहूनच गेलं. मग दर उधाणाला, म्हणजे अमावास्या-पुनवेच्या मोठ्या भरतीला, खारं पाणी सरळ भाताच्या कुणग्यांत. पहिल्या वर्षी भात जळलं. दुसऱ्या वर्षी विहिरीचं पाणी मचूळ झालं, चहा खारट लागायला लागला. मी शिव्या दिल्या आणि गप्प बसलो. गावानेही तेच केलं.

सुभद्रा शिव्या देत नसे. एक दिवस म्हणाली, "माका एक काठी करून देवा."

"कित्याक गो? माका मारूक?"

"तुमका मारूक काठी कशाक व्हयी? पाणी मोजूचां आसा."

मी भेरल्या माडाची काठी तासून दिली. हे लाकूड पाण्यात कुजत नाही. तिने सांगितलं तशा त्यावर खाचा पाडल्या, एका बोटाच्या अंतरावर एक. बोट माझंच लावलं. ती काठी तिने उघाडीच्या आतल्या बाजूला रोवली. त्या दिवसापासून रोज भरती भरली की ही बांधावरून चालत जायची, काठी बघायची, परत येऊन भिंतीवरच्या कॅलेंडरात त्या दिवसाच्या चौकोनात लिहायची. तीन बोटं. पाच बोटं. पाणी आलं नसेल तर 'कोरडी'. कॅलेंडरच्या खिळ्याला सुतळीने पेन्सिल बांधून ठेवली होती, ती कुणी सोडली तर घर डोक्यावर घ्यायची. आमचा शेजारी भिकू बांधावर भेटला की चिडवायचा, "वयनी, खाडयेची हजेरी घेतास काय?" ही चालता चालताच म्हणायची, "खाडी रोज हजर आसा रे मेल्या. गैरहजर आसत ते सायब." एकदा तिला ताप आला, दोन दिवस अंथरुणात होती. मी म्हटलं, काल तीन होती, आजपण तीन लिहून टाक. तर मला विचारते, "तुमी जावन बघलास?" मी म्हटलं नाय. "मगे मी कशी लिवू?" ते दोन चौकोन तिने कोरे ठेवले. मी तिला वेडी म्हटलं. हे मी मुद्दाम लिहितो आहे, कारण पुढे त्या कोऱ्या चौकोनांनी काय केलं ते तुम्हाला कळेल.

खात्याकडे अर्ज करून दोन वर्षं गेली. मग ही सावंतवाडीच्या कोर्टाच्या व्हरांड्यात जाऊन उभी राहिली आणि काळ्या कोटातल्या एका पोरसवदा बाईला तिने विचारलं, "गो बाय, तुका खारां पाणी कळता काय?" त्या वकीलबाई वालावलच्या निघाल्या, खाडीकाठच्या. कळलं. त्यांनी हायकोर्टात याचिका घातली. कोर्टाने खात्याला हुकूम दिला, तीन महिन्यांत लोखंडी दारं बसवा. आम्ही पेढे वाटले. मूर्खासारखे वाटले. तीन महिने गेले, आठ महिने गेले, दार काही आलं नाही. तेव्हा वकीलबाई म्हणाल्या, आता कोर्टाच्या अवमानाची याचिका घालायची. त्यांनी समजावलं, "काकी, हे भांडण आता तुमचं आणि खात्याचं नाही. कोर्ट आणि तो साहेब यांच्यातलं आहे. हुकूम कोर्टाचा मोडलाय. आपण फक्त कोर्टाच्या कानावर घालायचं." सुभद्राने ऐकून घेतलं आणि विचारलं, "अपमान कोर्टाचो झालो, मगे खारां पाणी माझ्या कुणग्यात कसां इला?" वकीलबाई खूप हसल्या. पण सही घेतली.

मग आम्ही आमच्या हाताने घोटाळा केला. दिवाळी झाली होती, वायंगणी भाताची, म्हणजे हिवाळी पिकाची वेळ आली होती. अष्टमीच्या आसपास खाडी मंद असते, त्याला आम्ही भांग म्हणतो. जुन्या काळी भांगाच्या दिवसांत घरटी एक माणूस बांधावर जायचं आणि गाव मिळून दार दुरुस्त करायचा. हुकमाची वाट बघत बसलो तर हे पीकपण जाणार. म्हणून सुभद्राने घरोघर जाऊन सांगितलं, या भांगाला घरटी एक माणूस. बहुतेक घरांतून बायकाच आल्या. फणसाच्या फळ्या, चिकणमाती, भाताचा पेंढा. तीन दिवस बायका चिखलात होत्या, भिकू आणि मी फळ्या ठोकत होतो. पाणी बरंचसं थांबलं. आम्हाला एवढा आनंद झाला की भिकूच्या सुनेने फोटो काढून वकीलबाईंना पाठवला. पाच मिनिटांत त्यांचा फोन. "काकी, हे काय करून ठेवलंत!"

आम्हाला वाटलं होतं त्या शाबासकी देतील. पण त्यांनी समजावून सांगितलं ते वेगळंच. अवमानाची केस कोर्ट कायमची उघडी ठेवत नाही. हुकूम उशिरा का होईना पाळला आणि साहेबाने माफी मागितली, तर बहुतेक वेळा बंद होते. आणि ज्या गोष्टीसाठी हुकूम होता ती गोष्टच उरली नाही, तरी बंद होते, कारण मग कोर्टाने करायचं काय? कोर्टाला सूड घ्यायचा नसतो, हुकूम पाळून घ्यायचा असतो. आता खातं म्हणणार, पाणी थांबलं, तक्रार संपली, करा बंद. आणि झालंही तसंच. खात्याने कोर्टात कागद घातला, त्याला फोटो जोडलेला. फोटोत कोण? आमचा भिकू! गुडघाभर चिखलात, दात काढून हसतोय. तो फोटो गावात फिरत फिरत खात्यापर्यंत पोचला होता. भिकू तोंड लपवत फिरत होता. सुभद्रा त्याला म्हणाली, "तुझो फोटो हायकोर्टात गेलो रे. माझो अजून जावचो आसा."

हसत होती, पण पुढचं तिला माहीत होतं. फळ्या आणि माती हिवाळा काढतील, आषाढातल्या उधाणाला टिकणार नाहीत. तोवर केस बंद झालेली असेल, मग पुन्हा पहिल्यापासून अर्ज, पुन्हा फेऱ्या, पुन्हा दोन वर्षं. आणि तिच्यापाशी दोन वर्षं नव्हती. दिवाळीच्या आधीच गोव्याला, बांबोळीच्या इस्पितळात दाखवलं होतं. पोटात गाठ. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, पावसाळा धरून चालू नका. मी तिला सांगितलं नव्हतं. तिने मला घरी येताना बसमध्ये विचारलं, "पावसाळो बघतलंय काय मी?" मी खिडकीतून बाहेर बघायला लागलो... मग म्हणाली, "बरां. लोखंडाचां दार बघूचां आसा. मगे काय तां होवंदे."

आमची फाईल तोवर मुंबईहून कोल्हापूरच्या बेंचकडे आली होती. पौष महिन्यात तारीख लागली. आंबोलीच्या घाटाने एसटीत ती दोनदा ओकली, पण मांडीवरची पिशवी सोडली नाही. पिशवीत जुन्या लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळलेली कॅलेंडरं. वकीलबाईंनी त्यांच्या झेरॉक्स आधीच कोर्टात दिल्या होत्या, पण म्हणाल्या होत्या, अस्सल जवळ असू द्या. आम्ही कोर्टाच्या बाहेर बाकावर बसलो. समोरच्या बाकावर खात्याचा साहेब. त्याच्या नावाची नोटीस. तरुण मुलगा, पाच महिन्यांमागे बदलून आलेला, घाम पुसत होता. सुभद्राने डबा उघडला, घावणे आणि चटणी. उठली आणि दोन घावणे पानावर घालून त्याच्या हातात दिले. तो बिचारा उभा राहिला, "नको मावशी," म्हणाला, आणि मग खाल्ले. वकीलबाई धावत आल्या. "काकी, तो समोरच्या बाजूचा आहे!" ही म्हणाली, "समोर आसा म्हणानच दिसलो. सकाळपासून काय खावंक नाय तेणा."

आमचा नंबर आला. मी देवळात उभा राहिलो आहे, खाडीत वादळात उभा राहिलो आहे, पण तसा कुठे उभा राहिलो नाही. कुणी ओरडत नव्हतं. न्यायाधीशसाहेब हळू बोलत होते आणि सगळी खोली ऐकत होती. त्यांनी फोटो बघितला आणि म्हणाले, "काम झालेलं दिसतंय. मग यात आता काय उरलं?" मी सुभद्राकडे बघितलं. तिने बाकाची कड घट्ट धरली होती. तीन वर्षं त्या एका वाक्याला लटकली होती. सरकारी वकील म्हणाले, काहीच उरलं नाही, केस बंद करावी. मग आमच्या वकीलबाई उठल्या. "काम झालंय साहेब, पण यांनी केलेलं नाही. गावातल्या बायकांनी फळ्या लावल्यात. आणि पाणी पूर्ण थांबलेलंही नाही, याचिकाकर्तीकडे रोजची नोंद आहे." साहेबांनी अस्सल नोंद मागितली. लुगड्याचा तुकडा सोडून आमची कॅलेंडरं शिपायाने वर नेऊन दिली.

मी ते कधी विसरणार नाही. हायकोर्टाचे न्यायाधीश आमच्या स्वयंपाकघरातलं कॅलेंडर चाळत होते. त्यात काय नव्हतं? गॅस संपला. गाय व्याली. तिच्या औषधाची वेळ. आणि प्रत्येक चौकोनात तिचा तो वाकडा आकडा. साहेब एकेक महिना उलटत होते. घाई नाही. मधेच त्यांनी विचारलं, "हे बोट, बोट लिहिलंय, ते कुणाचं बोट?" सुभद्रा उठून उभी राहिली आणि कोर्टातली मराठी बोलायला लागली, "साहेब, आमच्या ह्यांचं. ते काय मागे बसलेत." सगळ्यांनी वळून माझ्याकडे बघितलं. मी काय करणार? हात वर केला. वल्ही मारून मारून झालेली माझी बोटं, एकेक केळ्यासारखं. लोक हसले, साहेबसुद्धा हसले. सरकारी वकील म्हणाले, बोट हे काही माप नाही, आणि मधले काही दिवस कोरे आहेत, या नोंदीवर विश्वास कसा ठेवायचा? साहेबांनी हिला विचारलं, "बाई, हे दिवस कोरे का?" ही म्हणाली, "तेव्हा मला ताप होता साहेब. बांधावर गेले नाही. न बघता कसं लिहिणार?"

साहेबांनी ते कोरे चौकोन पुन्हा बघितले. मग सरकारी वकिलांना म्हणाले, "कोरे दिवस आहेत म्हणूनच बाकीच्यांवर माझा विश्वास बसतो." आणि बोटाने दाखवून त्यांनी विचारलं, पाणी पूर्ण थांबलं असं तुम्ही ज्या दिवशी लिहून दिलंत, त्याच्यानंतरच्या अमावास्येला इथे दीड बोट आहे, ते कसं? सरकारी वकील कागद उलटायला लागले. मग साहेबांनी जे सांगितलं ते मला शब्दाला शब्द आठवतं. "हुकूम आम्ही तुम्हाला दिला होता. या बायकांना नाही. त्यांनी चिखलात उतरून आपली शेती वाचवली, त्याला तुम्ही आमचा हुकूम पाळणं म्हणू शकत नाही." मग हिला विचारलं, "तुमचं म्हणणं काय? यांना शिक्षा व्हावी?" तो मुलगा खाली मान घालून उभा. ही म्हणाली, "नको साहेब. त्यांना आत टाकलं तर दार कोण बसवणार?" पुन्हा सगळे हसले. सहा आठवड्यांची मुदत मिळाली. बाहेर येऊन आम्ही पुन्हा त्याच बाकावर बसलो. तिने कॅलेंडरं लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळली. मी या बाईला आयुष्यभर चौथी पास, चौथी पास म्हणून डिवचत आलो होतो.

दारं आली. क्रेन आली, वेल्डिंगवाले आले. ही तेव्हा अंथरुणाला खिळली होती, पण घणाचे ठोके घरापर्यंत ऐकू यायचे आणि ती मोजायची. पुढच्या तारखेला मी एकटा गेलो. खात्याचा तो साहेब उभा राहिला, हात जोडले, बिनशर्त माफी मागतो म्हणाला, आणि मनापासून म्हणाला, मला दिसत होतं. आता केस खरोखरच संपली होती. सगळे उठायच्या बेतात. पण सुभद्राने मला एक निरोप पढवून पाठवला होता आणि सांगितलं होतं, वकीलबाय नको, तुमीच सांगा. मी उभा राहिलो. म्हटलं, "साहेब, दार बसलं. बायकोने सांगितलंय, दार बसलं म्हणजे पाणी थांबलं असं नाही. एक उधाण जाऊ दे. काठी बघून मग सांगतो." मला वाटलं आता हाकलतात. न्यायाधीशसाहेबांनी टेबलावरचं कॅलेंडर पुढे ओढलं आणि विचारलं, "पुढची अमावास्या केव्हा?" हायकोर्ट आमच्या अमावास्येसाठी थांबलं. लहान गोष्ट वाटेल ही, पण मी खाडीत जन्म काढलेला माणूस आहे. खाडीसाठी कोणी थांबत नाही हे मला माहीत आहे.

अमावास्येला भरती दुपारी बाराच्या सुमाराला भरते. सकाळी ही म्हणाली, "माका व्हरा." मी म्हटलं, चालणार कशी? म्हणाली, "चालूक कोण सांगता? तुमची होडी काय फक्त परक्यांका?" पूल झाल्यापासून होडी माडाखाली उपडी पडलेली. भिकूने आणि मी ती पाण्यात घातली, हिला गोधडीत गुंडाळून मधे बसवली. मी बांबू टेकत टेकत खाडीने बांधाकडे नेली. वजन म्हणाल तर काही राहिलंच नव्हतं, होडी रिकामी चालल्यासारखी चालत होती... उघाडीपाशी पाणी तुडुंब. नवी दारं गच्च मिटलेली, बाहेरून खाडी त्यांच्यावर थपथप आपटत होती. भिकूने आणि मी हिला हातांच्या पाळण्यात धरून बांधावर चढवलं. एका बाजूला खाडी आमच्या पायाशी आलेली, आणि दुसऱ्या बाजूला, तीन हात खाली, हिरवं भात आणि त्यात ती काठी. बुंध्याची माती वाळून भेगाळलेली. एकही खाच ओली नाही. मी पन्नास वर्षं खाडी बघतोय, पण खाडी अशी अडलेली मी कधी थांबून बघितली नव्हती. सुभद्राने पुष्कळ वेळ बघितलं. मग म्हणाली, "वकीलबायक फोन करा. बंद करूक सांगा."

दोन आठवड्यांच्या आत केस बंद झाली. वकीलबाईंनी कोर्टातून फोन केला, मी तो हिच्या कानाशी धरला. "काकी, झालं. बंद केली." ही "बरां" म्हणाली. एवढंच. दोन दिवसांनी, पुनवेच्या सकाळी, ती गेली. माझा हात तिच्या कपाळावर होता. शिमगा गावात होता, पण आमच्या वाडीत कुणी ढोल वाजवला नाही.

आणि मग अठराव्या दिवशी हा कागद. वकीलबाईंनी खळ्यात बसून मला तो वाक्यावाक्याने मराठीत सांगितला. हुकूम पाळला गेला, माफी स्वीकारली, साहेबाची नोटीस काढून घेतली, याचिकेत आता काही उरलेलं नाही म्हणून ती निकाली काढली. मला वाटलं संपलं. पण खाली आणखी चार ओळी होत्या, त्या फोनवर सांगायच्या राहून गेल्या होत्या. न्यायाधीशसाहेबांनी लिहिलं होतं की याचिकाकर्तीने रोज ठेवलेल्या नोंदीमुळे कोर्टाला खरं काय ते कळलं. आणि दारं नीट सांभाळली नाहीत, पाणी पुन्हा आत आलं, तर याचिकाकर्तीला पुन्हा कोर्टात यायची मुभा आहे. मी वकीलबाईंना म्हटलं, ती कशी येणार आता? त्यांनी कागदाची घडी केली आणि हळूच म्हणाल्या, "काका, बंद झाली ती अवमानाची केस. दारांचा हुकूम बंद झालेला नाही, तो आहेच. पाणी आलं तर गावातलं कुणीही येऊ शकतं. फक्त नोंद पाहिजे." मी त्यांना विचारलं, त्या चार ओळी तिने ऐकल्या असत्या तर काय म्हणाली असती? त्या म्हणाल्या, तुम्हीच सांगा. मी म्हटलं, म्हणाली असती, "माझो फोटोपण गेलो हायकोर्टात."

कॅलेंडर अजून त्याच खिळ्यावर आहे. तिने जाण्याआधी वर्षाअखेरपर्यंतच्या सगळ्या अमावास्या-पुनवांना पेन्सिलीने गोल करून ठेवलेत, माझ्यासाठी, मला न सांगता. आता भरती भरली की मी बांधावर जातो. काठीसमोर बसतो, ओल दिसते का बघतो, घरी येऊन लिहितो. माझं अक्षर तिच्याहून वाईट आहे. आत्तापर्यंत सगळी 'कोरडी'. भिकू मागून ओरडतो, "काय रे, खाडी हजर?" आणि मग माझ्या शेजारी येऊन बसतो. परवा तो ओटीवर चहा प्यायला आला आणि कॅलेंडर बघत म्हणाला, "मधे थोडे दिवस सोडलंस ते. ही पुनव तर गोल केलेली आसा. लिवून टाक कोरडी, नायतरी कोरडीच आसतली." ती पुनव म्हणजे ती गेली तो दिवस. मी पेन्सिल हातात घेतली होती. मग सोडून दिली. सुतळीवर ती थोडा वेळ भिंतीला घासत हलत राहिली. तो चौकोन कोराच राहील. उद्या कोर्टाने विचारलं, हा दिवस कोरा का, तर मी उभा राहून सांगेन... साहेब, त्या दिवशी काठी कुणी बघितली नाही.